आरोपी निर्दोष सुटला, आता पुढे काय? कोल्हापुरातून अपील करताना

निकाल वाचून झाला, आरोपी सुटला की फिर्यादीच्या घरचे कसबा बावड्याच्या न्यायसंकुलातून बाहेर पडता पडता एकच बोलत असतात, "सोडायचं नाही, हायकोर्टात जायचं." जायचं असेल तर अजून बाहेर पडू नका. आधी नक्कल विभागात जा आणि निकालपत्राच्या प्रमाणित प्रतीसाठी अर्ज टाका. अर्जावर खटल्याचा नंबर, पक्षकारांची नावं, निकालाची तारीख लिहा आणि पोच घ्या. नक्कल तयार व्हायला जितके दिवस लागतात, तितके दिवस अपिलाच्या मुदतीतून वजा होतात. पण ही वजावट अर्ज टाकल्यावरच सुरू होते. अर्ज महिन्याने टाकला तर तो महिना तुमचाच गेला. नक्कल तयार होऊन तिथेच पडून राहिली तर तेही दिवस तुमच्याच खात्यात. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावरून उतरवलेली प्रत वाचायला उपयोगी पडते, अपिलाला प्रमाणित प्रतच जोडावी लागते.

त्याच दिवशी आणखी एक गोष्ट बघा. निकालपत्राच्या शेवटी आदेशात मुद्देमालाचं काय करायचं ते लिहिलेलं असतं. बहुतेक वेळा 'अपिलाची मुदत संपल्यावर मुद्देमाल नष्ट करावा' अशी ओळ असते. रक्ताचे कपडे, कुऱ्हाड, मोबाइल, जे काही असेल ते या ओळीवर टांगलेलं असतं. अपील करणार हे नक्की असेल तर तसा लेखी अर्ज त्याच कोर्टात देऊन मुद्देमाल राखून ठेवण्याची विनंती करा. याकडे फार कमी लोकांचं लक्ष जातं, म्हणून सुरुवातीलाच सांगतोय.

अपील नेमकं कोण करू शकतं

१ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. जुने खटले अजून चालू आहेत आणि वकील, कारकून, पोलीस सगळ्यांच्या तोंडी जुनेच आकडे आहेत, म्हणून दोन्ही देतो.

पहिला मार्ग सरकारचा. नव्या संहितेचं कलम ४१९, जुनं ३७८. दखलपात्र आणि अजामीनपात्र गुन्ह्यात मॅजिस्ट्रेटने सोडलं असेल तर जिल्हादंडाधिकारी सरकारी वकिलांना सेशन कोर्टात अपील करायला सांगू शकतात. सेशन कोर्टाने सोडलं असेल तर राज्य सरकारच्या निर्देशावरून हायकोर्टात अपील होतं, आणि त्यासाठी हायकोर्टाची परवानगी लागते. सरकारसाठी मुदत ९० दिवसांची. खटला चालवणाऱ्या सरकारी वकिलांचा अभिप्राय, जिल्हा सरकारी वकील कार्यालय, मग मंत्रालयातला विधी व न्याय विभाग असा फाईलचा प्रवास असतो. तो सुरू झाला असेल असं गृहीत धरू नका. पहिल्या पंधरवड्यातच जिल्हा सरकारी वकिलांकडे लेखी अर्ज द्या, एक प्रत तपास अधिकाऱ्याला, एक विधी व न्याय विभागाला, आणि प्रत्येकाची पोच ठेवा. अर्जात नुसतं 'अन्याय झाला' लिहू नका. निकालातल्या कोणत्या परिच्छेदात काय चुकलंय ते लिहा. अभिप्राय लिहिणाऱ्याला तेच लागतं.

दुसरा मार्ग पीडिताचा, आणि तो आपल्याकडे अजून बऱ्याच घरांना माहीतच नाही. ३१ डिसेंबर २००९ पासून जुन्या कलम ३७२ ला एक परंतुक, म्हणजे 'परंतु'ने सुरू होणारी जोड-तरतूद, जोडलं गेलं. नव्या संहितेत ते कलम ४१३ मध्ये आहे. ज्याचं प्रत्यक्ष नुकसान झालं किंवा ज्याला इजा झाली तो, आणि त्याचे पालक व कायदेशीर वारस, स्वतःच्या हक्काने अपील करू शकतात. आरोपी सुटला, कमी गंभीर कलमाखाली शिक्षा झाली, किंवा भरपाई अपुरी मिळाली, या तीन कारणांसाठी हे अपील आहे. 'शिक्षा कमी झाली' एवढ्याच कारणासाठी मात्र ते नाही. सरकार अपील करतंय की नाही याची वाट बघायची गरज नाही. मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०१८ मध्ये स्पष्ट केलं की पीडिताला हायकोर्टाची आगाऊ परवानगीही लागत नाही. सरकारपेक्षा पीडिताचा रस्ता एका पायरीने जवळचा आहे, हे लक्षात ठेवा.

पीडिताच्या अपिलाला या कलमात वेगळी मुदत लिहिलेली नाही. त्याचा अर्थ मुदत नाही असा घेऊ नका. निकालापासून ३० दिवसांच्या आत अपील दाखल करायचं, असं धरूनच चाला. उशीर झालाच तर विलंब माफीचा अर्ज करता येतो, पण त्यात प्रत्येक टप्प्याचं कारण द्यावं लागतं. आजारपण असेल तर दवाखान्याचे कागद, नक्कल उशिरा मिळाली असेल तर तिच्यावरचे शिक्के. 'अज्ञानामुळे उशीर झाला' या एका ओळीवर विसंबू नका.

खासगी फिर्यादीवरून चाललेल्या खटल्यांचा तिसरा मार्ग आहे. त्यात फिर्यादीला हायकोर्टाकडे विशेष परवानगी मागावी लागते, साध्या फिर्यादीला ६० दिवसांत, सरकारी नोकर फिर्यादी असेल तर सहा महिन्यांत. चेक न वटल्याच्या केसमध्ये हा मोठा अडथळा होता. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सेलेस्टियम फायनान्शियल प्रकरणात सांगितलं की चेकचा फिर्यादी हाही पीडितच आहे आणि तो परवानगीशिवाय थेट अपील करू शकतो. इचलकरंजीत सूत-कापडाचा व्यवहार करणाऱ्याला याचा फार उपयोग आहे. मॅजिस्ट्रेटने आरोपी सोडला तर थेट सेशन कोर्टात जाता येतं.

रिव्हिजनचं, म्हणजे वरच्या कोर्टाने खालच्या आदेशाची कायदेशीर तपासणी करण्याचं, एका परिच्छेदात उरकतो. कलम ४४२, जुनं ४०१, यात साफ लिहिलंय की रिव्हिजनमध्ये हायकोर्ट निर्दोष मुक्ततेचं रूपांतर दोषसिद्धीत करू शकत नाही. फार तर फेरसुनावणीला पाठवेल. अपिलाचा हक्क असताना रिव्हिजन दाखल करणं म्हणजे हातातलं हत्यार टाकून देणं. आणि खटला उभा राहण्याआधीच आरोपीला दोषारोपातून वगळलं असेल तर ती निर्दोष मुक्तता नव्हे. तिथे मात्र रिव्हिजनच करायची असते.

कागद कुठे द्यायचे

नियम सोपा आहे. त्याच कोर्टाने शिक्षा दिली असती तर आरोपीने जिथे अपील केलं असतं, तिथेच पीडिताचं अपील. मॅजिस्ट्रेटचा निकाल असेल तर सेशन कोर्ट. सेशनचा निकाल असेल तर हायकोर्ट.

हायकोर्ट म्हटलं की आपल्या भागातल्या माणसाला वर्षानुवर्षं महालक्ष्मी एक्स्प्रेसची रात्र आणि मुंबईच्या फोर्टातला दिवस आठवायचा. चाळीस वर्षांहून जास्त काळ सहा जिल्ह्यांतल्या वकिलांनी आणि पक्षकारांनी खंडपीठासाठी लढा दिला. १७ ऑगस्ट २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते कोल्हापूरच्या सर्किट बेंचचं, म्हणजे मुंबई हायकोर्टाच्या इथे बसणाऱ्या पीठाचं, उद्घाटन झालं आणि १८ ऑगस्टपासून कामकाज सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे तिचे जिल्हे. सीपीआर या सरकारी रुग्णालयासमोरच्या जुन्या जिल्हा न्यायालयाच्या इमारतीत ती बसते. पीडिताच्या दृष्टीने हा बदल किती मोठा आहे ते आकड्यांत सांगता येणार नाही. चंदगडच्या विधवा बाईला तारखेला जाऊन संध्याकाळी घरी परतता येणं, म्हणजे अपील टिकणं. याआधी कितीतरी अपिलं पहिल्या तारखेनंतर पक्षकाराविना पडून राहायची.

पैशांची अडचण असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि कोठडीत असलेले यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. हेल्पलाइनचा नंबर १५१००.

वरचं कोर्ट बघतं काय

इथे थोडं थांबून वाचा, कारण बहुतेक अपिलं इथेच पडतात.

लोकांना वाटतं वरच्या कोर्टात जाऊन सांगायचं, 'यानेच केलं.' पण अपील म्हणजे खटला पहिल्यापासून पुन्हा चालवणं नव्हे. साक्षीदार पुन्हा पिंजऱ्यात येत नाहीत. कोर्टापुढे असतं ते फक्त रेकॉर्ड. आणि त्याच्यापुढचा प्रश्न 'गुन्हा कुणी केला' इतका सरळ नसतो. या रेकॉर्डवरून खालच्या न्यायाधीशांनी काढलेला निष्कर्ष एखाद्या समंजस न्यायाधीशाला काढता आला असता का, हा प्रश्न असतो. उत्तर 'हो, काढता आला असता' असं आलं, तर अपील फेटाळलं जातं. मग वरच्या न्यायाधीशांचं स्वतःचं मत वेगळं असलं तरी.

याचा पाया १९३४ सालचा आहे. शिव स्वरूप विरुद्ध बादशहा या प्रकरणात तेव्हाचं सगळ्यात वरचं कोर्ट असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने सांगितलं की निर्दोष मुक्ततेविरुद्धच्या अपिलात हायकोर्टाला सगळा पुरावा तपासण्याचे पूर्ण अधिकार आहेत. मात्र ते वापरताना चार गोष्टींना वजन द्यावं: साक्षीदारांच्या विश्वासार्हतेबद्दल खालच्या न्यायाधीशांचं मत, आरोपी निर्दोष असल्याचं गृहीतक, संशयाचा फायदा मिळण्याचा त्याचा हक्क, आणि ज्याने साक्षीदार समोर बघितले त्याचा निष्कर्ष बदलताना दाखवायची सबुरी. २००७ मध्ये चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच पाच मुद्द्यांत मांडलं. त्यातले दोन रोजच्या कामाचे आहेत. एक, सुटलेल्या आरोपीच्या बाजूने निर्दोषत्वाचं गृहीतक दुप्पट होतं: कायद्याने ते आधीच होतं, निकालाने ते पक्कं केलं. दोन, पुराव्यावरून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील तर खालच्या कोर्टाचा निष्कर्ष हलवायचा नाही.

याची दुसरी बाजूही आहे. १९७३ मध्ये शिवाजी साहेबराव बोबडे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात न्या. कृष्ण अय्यर यांनी बजावलं की संशयाच्या फायद्याचा अतिरेकही न्यायाला मारक आहे. निरपराधाला शिक्षा झाल्याने जसा अन्याय होतो, तसा तो गुन्हेगार सुटल्यानेही होतो. प्रत्येक बारीक शंका म्हणजे वाजवी संशय नव्हे. अपील करणाऱ्याने आपला सगळा जोर या जागेवर लावायचा असतो.

आणि वरच्या कोर्टाने फिरवलं म्हणजे संपलं असंही नाही. १९७२ मधल्या देसाईगंज पोलीस ठाण्यातल्या बलात्काराच्या प्रकरणात, जे मथुरा प्रकरण म्हणून ओळखलं जातं, सेशन कोर्टाने पोलिसांना सोडलं, नागपूर खंडपीठाने दोषी धरलं आणि १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडलं. देशभर संताप उसळला आणि १९८३ मध्ये बलात्काराचा कायदाच बदलला. तो निकाल वाचताना आजही हात थरथरतो. पण अपील लिहिणाऱ्याने त्यातून एक घ्यावं: हायकोर्टात मिळालेला विजय रेकॉर्डवर घट्ट बसवलेला नसेल तर दिल्लीत तो टिकत नाही.

निकालपत्र कसं वाचायचं

खरं काम हे आहे. एक वही घ्या, पानाचे तीन भाग करा. पहिल्यात न्यायाधीशांनी दिलेलं कारण, परिच्छेद क्रमांकासह. दुसऱ्यात त्या कारणाशी संबंधित साक्ष किंवा कागद, निशाणी क्रमांकासह, म्हणजे कोर्टाने त्या पुराव्याला दिलेल्या नंबरासह. तिसऱ्यात एकच प्रश्न: हे कारण टिकतं का?

समजा पन्हाळा तालुक्यातल्या एका गावात बांधावरून मारामारी झाली, एक भाऊ मेला, दुसरा जखमी झाला. सेशन कोर्टाने तीन आरोपींना सोडलं. निकालात चार कारणं आहेत.

पहिलं: फिर्याद चौदा तास उशिरा दिली, म्हणून ती रचलेली वाटते. रेकॉर्ड उघडा. जखमी भाऊ हा एकमेव माणूस जो फिर्याद देऊ शकत होता. सीपीआरचे केसपेपर निशाणीवर आहेत, त्यात तो बेशुद्ध अवस्थेत दाखल झाल्याची नोंद आहे. सीपीआर चौकीच्या पोलिसाने त्या रात्रीच खबर घेतल्याचा कागदही निशाणीवर आहे. निकालपत्रात या दोन्ही कागदांचा उल्लेखच नाही. हा तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा. महत्त्वाचा पुरावा विचारातच न घेता काढलेला निष्कर्ष हा 'दुसरा वाजवी निष्कर्ष' ठरत नाही.

दुसरं: कुऱ्हाड जप्तीचे दोन्ही पंच फितूर झाले, म्हणून जप्ती सिद्ध नाही. पंच फितूर झाला म्हणून जप्ती आपोआप नाहीशी होत नाही. तपास अधिकाऱ्याची साक्ष विश्वासार्ह असेल तर तिच्यावरूनही ती सिद्ध होऊ शकते. आता अधिकाऱ्याची उलटतपासणी वाचा. तो ठाम राहिला असेल तर मुद्दा चांगला. 'पंचांच्या सह्या पोलीस ठाण्यात घेतल्या' असं त्यानेच कबूल केलं असेल, तर हा मुद्दा अपिलात ताणू नका.

तिसरं: जखमी साक्षीदाराने पोलिसांपुढे 'काठीने मारलं' म्हटलं, कोर्टात 'कुऱ्हाडीने' म्हटलं. ही विसंगती गाभ्याला धक्का देते का? शवविच्छेदन अहवालात धारदार हत्याराची जखम आहे की बोथट, ते बघा. धारदार असेल तर कोर्टातली साक्ष वैद्यकीय पुराव्याशी जुळते, पण पहिल्या जबाबाचा प्रश्न उरतोच. इथे प्रामाणिकपणे मान्य करा की दोन मतं होऊ शकतात.

चौथं: रासायनिक विश्लेषणात कुऱ्हाडीवरच्या रक्ताचा गट निश्चित झाला नाही. हे कारण बरोबर आहे. वहीत तसंच लिहा.

आता हिशेब करा. पहिलं कारण पडलं तर बाकीच्या तिघांवर निकाल उभा राहतो का? या प्रश्नाचं उत्तर तुमच्या अपिलाचं भवितव्य ठरवतं. निकाल ज्या कारणावर मुख्यतः उभा आहे तेच कारण पडत असेल, तर अपील करा. फांद्याच तुटत असतील आणि खोड शाबूत राहत असेल, तर पुन्हा विचार करा. तिन्ही आरोपींना एकाच मापाने मोजू नका. एकाविरुद्ध जखमी साक्षीदाराचं थेट कथन असेल आणि दुसऱ्याचं नाव केवळ 'बरोबर होता' इतकंच असेल, तर पहिल्याविरुद्ध जोर लावा. सगळ्यांना एका गाठोड्यात बांधलं की कमकुवत मुद्दा भक्कम मुद्द्यालाही खाली ओढतो.

अपिलाची कारणं लिहिताना याच वहीतून लिहा. 'खालच्या कोर्टाने पुरावा योग्य रीतीने पाहिला नाही' हे वाक्य हायकोर्टातले न्यायाधीश दिवसातून कितीतरी वेळा वाचतात. 'परिच्छेद अमुकमध्ये विलंबाचा निष्कर्ष काढताना निशाणी अमुक आणि अमुक यांचा विचार झाला नाही' असं लिहिलं की त्यांचा हात त्या पानाकडे जातो.

दाखल झाल्यानंतर

सरकारच्या अपिलात आधी परवानगीचा टप्पा येतो. सुजय पोयरेकर प्रकरणात (२००८) सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्र सरकारच्याच अपिलावर सांगितलं की या टप्प्यावर निकाल फिरेलच का हे बघायचं नसतं. विचार करण्याजोगे मुद्दे आहेत का एवढंच बघायचं, आणि परवानगी नाकारली तर कारणं द्यायची. पीडिताचं अपील असेल तर हा टप्पा नाही, पण दाखल करून घेण्याची सुनावणी असतेच. पहिल्याच तारखेला दोन-तीन भक्कम मुद्दे मांडा, दहा नकोत.

दाखल झाल्यावर खालच्या कोर्टातून रेकॉर्ड मागवलं जातं, पेपरबुक (रेकॉर्डच्या प्रतींचा बांधलेला संच) तयार होतं, आरोपीला नोटीस जाते. कलम ४३१, जुनं ३९०, याखाली आरोपीला अटक करून आणण्याचा किंवा जामिनावर सोडण्याचा आदेश होऊ शकतो. अंतिम सुनावणीला वेळ लागतो. या काळात पत्ता, फोन नंबर बदलला तर वकिलाला कळवा. सुटलेला आरोपी मरण पावला तर सरकारचं अपील त्याच्यापुरतं संपतं. पीडित मरण पावला तर त्याचे वारस अपील पुढे चालवू शकतात, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये खेम सिंग प्रकरणात मान्य केलं आहे.

अपील मान्य झालं तर कलम ४२७, जुनं ३८६, याप्रमाणे कोर्ट आरोपीला दोषी धरून शिक्षा देऊ शकतं, अधिक चौकशीला सांगू शकतं किंवा फेरखटला घेण्याचा आदेश देऊ शकतं. फेरखटला दुर्मीळ असतो. गुजरातमधल्या बेस्ट बेकरी प्रकरणात २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो दिला आणि खटला मुंबईत चालवला, कारण मुळात सुनावणीच न्याय्य झाली नव्हती.

सुटलेल्या माणसासाठी

सुटलात म्हणून नोटीस आली तरी दुर्लक्ष करू नका. सुटकेआधी कलम ४८१, जुनं ४३७अ, याखाली जे बंधपत्र घेतलं जातं, ते वरच्या कोर्टाची नोटीस आल्यास हजर राहण्याचं असतं आणि सहा महिने लागू राहतं. वकील करा, परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडून घ्या. तुमच्या वकिलाला फक्त निकालातल्या कारणांचं समर्थन करायचं नसतं. खालच्या कोर्टाने न मानलेला बचावाचा मुद्दाही तो पुन्हा उभा करू शकतो. खरोखर निरपराध माणूस वर्षानुवर्षं खटल्यात भरडला जाऊन सुटतो आणि पुन्हा नोटीस बघून कोसळतो. त्याच्या घरच्यांनी एवढं जाणून असावं की दुप्पट गृहीतक त्याच्याच बाजूने आहे.

हायकोर्टाने मुक्तता फिरवून फाशी, जन्मठेप किंवा दहा वर्षं वा अधिक शिक्षा दिली तर कलम ४२०, जुनं ३७९, याखाली सर्वोच्च न्यायालयात अपील करणं हा आरोपीचा हक्क आहे. शिक्षा त्याहून कमी असेल तर राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ खाली विशेष परवानगी मागावी लागते. हायकोर्टाने अपील फेटाळलं तर पीडित आणि सरकार यांनाही हाच १३६ चा दरवाजा आहे. त्याची मुदत साधारण ९० दिवसांची, आणि तिथेही पहिलं काम तेच: निकालाच्या दिवशी नक्कलेचा अर्ज.